डब्यातली वही आणि आकाशातला रेडिओ

आज आपण एका खेळाचा इतिहास ऐकणार आहोत. खेळाचं नाव जिओकॅशिंग. यातला 'जिओ' म्हणजे पृथ्वी, त्याचा मोबाईलच्या रिचार्जशी काही संबंध नाही. आणि 'कॅश' म्हणजे रोकड नव्हे. लपवून ठेवलेला साठा, असा त्या शब्दाचा अर्थ आहे. तेव्हा जिओकॅशिंग म्हणजे पृथ्वीच्या पाठीवर लपवलेला साठा हुडकणं.

खेळ असा आहे. कुणीतरी एक घट्ट झाकणाचा डबा घेतं, त्यात एक वही आणि पेन्सिल ठेवतं, सोबत दोन-चार किरकोळ वस्तू टाकतं आणि डबा डोंगरात, झाडाच्या ढोलीत, पुलाखाली किंवा बागेत लपवतं. मग त्या जागेचे अक्षांश-रेखांश सगळ्यांना कळवतं. दुसरं कुणीतरी, जे त्या माणसाला ओळखतही नाही, हातातलं यंत्र किंवा मोबाईल बघत तिथपर्यंत जातं आणि डबा शोधतं. सापडला की वहीत आपलं नाव आणि तारीख लिहायची, डबा होता तसा बंद करायचा आणि होता तिथेच ठेवायचा. आतली एखादी वस्तू घ्यायची असेल तर तेवढ्याच किमतीची दुसरी ठेवायची. आज जगात असे तीस लाखांहून जास्त डबे आहेत आणि ते १९० हून जास्त देशांत पसरले आहेत.

हा विषय आम्ही गटात काढला तेव्हा एका मावशींनी लगेच विचारलं, "मग त्यात सोनं असतं का गं?" नसतं, मावशी. खेळण्यातली गाडी असते, चावीची साखळी असते, एखादं बटण असतं. त्यावर दुसरा प्रश्न आला, "मग एवढं उन्हातान्हात जायचं कशाला?" या प्रश्नाचं उत्तर इतिहासात आहे, म्हणून सुरुवातीपासून सांगतो.

सुरुवात इंग्लंडमध्ये झाली. त्या देशाच्या नैर्ऋत्येला डेव्हन नावाचा परगणा आहे आणि त्यात डार्टमूर नावाचं मोठं माळरान आहे. माळरान म्हटलं तरी आपल्यासारखं कोरडं नाही. तिथे पाऊस, धुकं आणि दलदल. पाय टाकावा तिथे जमीन धरेलच असं नाही. त्या माळाच्या आत क्रॅनमिअर पूल नावाची एक जागा होती, पोचायला अतिशय अवघड. जेम्स पेरट नावाचा एक वाटाड्या हौशी लोकांना तिथपर्यंत चालवत न्यायचा. १८५४ साली त्याने तिथे एक बाटली ठेवली. जो तिथे पोचेल त्याने आपल्या नावाची चिठ्ठी त्या बाटलीत टाकायची. एवढं चालून आलो, याची खूण राहावी, इतकाच हेतू.

पुढे बाटलीच्या जागी डबा आला, डब्यात वही आली. लोकांनी त्यात आणखी एक गंमत काढली. स्वतःचा पत्ता लिहिलेलं पत्र डब्यात ठेवून यायचं. त्यानंतर जो माणूस तिथे पोचेल त्याने ते पत्र उचलायचं आणि आपल्या गावच्या पोस्टात टाकायचं. पत्र घरी आलं की कळायचं, आपल्यामागून कुणीतरी तिथे जाऊन आलं. अनोळखी माणसाच्या भरवशावर पत्र ठेवायचं आणि त्या अनोळखी माणसानेही ते टाकायचं. या खेळाला लेटरबॉक्सिंग म्हणतात. डार्टमूरवर तो अजून चालू आहे, फक्त आता पत्राऐवजी रबरी शिक्के उमटवतात. जिओकॅशिंगची आजी म्हणायची तर ती हीच.

पण डार्टमूरचा डबा शोधायचा तर खुणा वाचाव्या लागत. अमुक खडकापासून इतकी पावलं, तमुक टेकडीकडे तोंड करून. अनोळखी मुलखात केवळ आकड्यांवरून जागा सापडायला आकाशातून मदत यावी लागली. ती मदत खेळासाठी आली नव्हती. ती लष्करासाठी उभी राहिली होती.

४ ऑक्टोबर १९५७ ला सोव्हिएत रशियाने स्पुटनिक नावाचा पहिला कृत्रिम उपग्रह सोडला. तो पृथ्वीभोवती फिरताना रेडिओवर 'बीप बीप' असा आवाज पाठवत होता. अमेरिकेतल्या जॉन्स हॉपकिन्स विद्यापीठाच्या प्रयोगशाळेत दोन शास्त्रज्ञ, विल्यम गायर आणि जॉर्ज वायफेनबाख, तो आवाज ऐकत बसले. उपग्रह जवळ येताना आवाज थोडा चढतो आणि लांब जाताना उतरतो, हे त्यांच्या लक्षात आलं. आपणही हे रोज ऐकतो. एसटी भोंगा वाजवत समोरून येते तेव्हाचा सूर वेगळा आणि आपल्याला ओलांडून गेल्यावरचा वेगळा. या चढ-उतारावरून त्यांनी उपग्रह नेमका कुठे आहे ते काढलं. मग त्यांच्या वरिष्ठांनी उलटा प्रश्न केला. उपग्रह कुठे आहे हे आधीच माहीत असेल, तर ऐकणारा कुठे उभा आहे हे काढता येईल का? येत होतं. त्यातून समुद्रातल्या पाणबुड्यांना आपली जागा कळावी म्हणून उपग्रहांची पहिली यंत्रणा तयार झाली. आज आपण जिला जीपीएस म्हणतो त्या यंत्रणेचं काम अमेरिकेच्या संरक्षण खात्याने १९७३ मध्ये हाती घेतलं आणि तिचा पहिला उपग्रह फेब्रुवारी १९७८ मध्ये आकाशात गेला.

आता ही यंत्रणा चालते कशी? आपल्या या रेडिओ केंद्रासारखीच. आमचं केंद्र बोलतं, तुम्ही ऐकता. तुमच्यापैकी कोण चुलीपाशी बसून ऐकतंय, कोण शेतात, हे केंद्राला कळत नाही. जीपीएसचे उपग्रहही जमिनीपासून सुमारे २०,००० किलोमीटर उंचीवरून सतत बोलत असतात. ते एवढंच सांगतात, "मी अमुक उपग्रह, अमुक जागी आहे आणि आत्ता इतके वाजलेत." आपला मोबाईल हे ऐकतो आणि निरोप यायला किती वेळ लागला त्यावरून उपग्रह किती लांब आहे हे काढतो. समजा, कुणी तुम्हाला सांगितलं की ती देवळापासून एक किलोमीटरवर आहे, शाळेपासून दोन आणि पाण्याच्या टाकीपासून अर्धा. तुम्ही डोळे मिटून सांगाल ती कुठे आहे. मोबाईल तेच करतो. त्याला कमीत कमी चार उपग्रह ऐकू यावे लागतात. तीन अंतरासाठी आणि चौथा मोबाईलचं साधं घड्याळ दुरुस्त करून घेण्यासाठी. कारण रेडिओचा निरोप एका सेकंदात तीन लाख किलोमीटर जातो. घड्याळ सेकंदाच्या दहा लाखाव्या भागाने चुकलं, तरी जागा ३०० मीटरने चुकते.

आणखी एक अडचण होती. पृथ्वी गोल म्हणतात, पण ती काही लिंबासारखी गोल नाही. मध्ये थोडी फुगीर, ध्रुवांशी चपटी, आणि कुठे जड, कुठे हलकी. या सगळ्याचा नेमका हिशेब केल्याशिवाय उपग्रहाचं गणित जमिनीवर जुळत नाही. हा हिशेब करणाऱ्यांमध्ये एक बाई होत्या. त्यांचं नाव ग्लॅडिस वेस्ट.

मैत्रिणींनो, इथे जरा थांबू. ग्लॅडिस यांचा जन्म १९३० मध्ये अमेरिकेतल्या व्हर्जिनिया राज्यात एका कृष्णवर्णीय शेतकरी कुटुंबात झाला. जमीन थोडी. घरची सगळी माणसं शेतात राबायची, लेकरंसुद्धा. वडील रेल्वेतही काम करायचे आणि आई तंबाखूच्या कारखान्यात. शेतातून बाहेर पडायचं तर शिक्षणाशिवाय वाट नाही, हे मुलीने लहानपणीच ओळखलं. शाळेत पहिली येणाऱ्याला कॉलेजची शिष्यवृत्ती मिळते असं कळलं, तशी ती पहिली आली. गणित घेऊन शिकली, काही वर्षं शिक्षिका झाली आणि १९५६ मध्ये डालग्रेन इथल्या नौदलाच्या केंद्रात गणिती म्हणून लागली. तेव्हा त्या राज्यात काळ्या मुलांच्या शाळा वेगळ्या होत्या आणि त्या अख्ख्या केंद्रात कृष्णवर्णीय कर्मचारी चारच होते. खोलीएवढ्या संगणकांवर उपग्रहांची मोजमापं घालून पृथ्वीचा खरा आकार काढायचं काम ग्लॅडिस यांनी वर्षानुवर्षं केलं. त्या १९९८ मध्ये निवृत्त झाल्या. बेचाळीस वर्षांच्या नोकरीनंतरही बाहेरच्या जगाला त्यांचं नाव माहीत नव्हतं.

ते कळलं कसं, ते तर आपण ऐकायलाच हवं. कॉलेजच्या दिवसांपासून त्या एका महिला मंडळाच्या सभासद होत्या. त्या मंडळाच्या एका कार्यक्रमासाठी त्यांनी स्वतःचा छोटासा परिचय लिहून दिला. त्यात जीपीएसच्या कामाचा उल्लेख होता. तो वाचून मंडळातल्या एका मैत्रिणीला आश्चर्य वाटलं आणि तिथून ही गोष्ट वर्तमानपत्रांपर्यंत गेली. २०१८ मध्ये अमेरिकेच्या हवाई दलाने त्यांचा गौरव केला. तेव्हा त्या ८८ वर्षांच्या होत्या. म्हणजे इतक्या मोठ्या कामाचा माग लागला तो बायकांच्या मंडळात लिहिलेल्या चार ओळींवरून. आपल्या गटाच्या वहीत कोण काय करतं हे नीट लिहून ठेवा, असं आम्ही वारंवार का सांगतो, त्याचं याहून चांगलं उदाहरण नाही.

आता परत मूळ गोष्टीकडे. लष्कराची ही यंत्रणा सामान्य माणसाला मिळायला एक मोठी दुर्घटना कारण झाली. १ सप्टेंबर १९८३ ला दक्षिण कोरियाचं एक प्रवासी विमान वाट चुकून सोव्हिएत हद्दीत शिरलं आणि तिथल्या लढाऊ विमानाने ते पाडलं. २६९ माणसं गेली. त्यानंतर अमेरिकेचे अध्यक्ष रेगन यांनी जाहीर केलं की जीपीएस तयार झालं की ते सगळ्या जगाच्या नागरी वापरासाठी मोफत असेल. १९९५ मध्ये २४ उपग्रहांची यंत्रणा पूर्ण झाली.

पण एक मेख होती. शत्रूने वापरू नये म्हणून सामान्यांना मिळणाऱ्या निरोपात लष्कर मुद्दाम चूक मिसळत असे. त्यामुळे जागा शंभरेक मीटरने इकडेतिकडे दाखवली जायची. शंभर मीटर म्हणजे बांधावरचं झाड शोधायला निघालो आणि शेजाऱ्याच्या गोठ्यात पोचलो! १ मे २००० ला अध्यक्ष क्लिंटन यांनी ही मुद्दाम घातलेली चूक काढून टाकायची घोषणा केली आणि त्याच रात्री ती निघाली. जगभरची यंत्रं एका रात्रीत जवळजवळ दहापट अचूक झाली. कुणाला नवीन यंत्र घ्यावं लागलं नाही की पैसे मोजावे लागले नाहीत.

दोनच दिवसांनी, ३ मे २००० ला, ऑरेगन राज्यात डेव्ह अल्मर नावाच्या संगणक तज्ज्ञाने ही अचूकता तपासून बघायचं ठरवलं. बीव्हरक्रीक नावाच्या गावाजवळच्या रानात त्याने एक काळी बादली अर्धवट पुरली. तिच्यात वही-पेन्सिल ठेवली, काही पुस्तकं, एक गलोल आणि शिजवलेल्या घेवड्याच्या दाण्यांचा एक सीलबंद डबा ठेवला. मग इंटरनेटवर जागेचे आकडे दिले, उत्तर ४५ अंश १७.४६० मिनिटं, पश्चिम १२२ अंश २४.८०० मिनिटं. सोबत नियम एकच. काही घ्या, काही ठेवा आणि वहीत लिहा. तीन दिवसांत दोघांनी बादली शोधली. पहिला होता शेजारच्या वॉशिंग्टन राज्यातला माइक टीग. त्याला हे इतकं आवडलं की त्याने स्वतः डबे लपवले आणि सगळ्या डब्यांची यादी ठेवायला लागला.

सुरुवातीला या खेळाच्या नावात 'स्टॅश' हा शब्द होता. इंग्रजीत त्याला लपवलेल्या अमली मालाचा वास येतो. म्हणून त्याच महिन्यात मॅट स्टम याने 'जिओकॅशिंग' हे नाव सुचवलं आणि ते रुळलं. २ सप्टेंबर २००० ला जेरेमी आयरिश याने यासाठी वेबसाईट सुरू केली तेव्हा जगात अवघे ७५ डबे होते. २०१० मध्ये ते दहा लाख झाले. २००८ मध्ये रिचर्ड गॅरियट नावाच्या अंतराळ प्रवाशाने पृथ्वीभोवती फिरणाऱ्या अंतराळ स्थानकातही एक ठेवला. काही वस्तूंना धातूचा क्रमांकाचा बिल्ला लावलेला असतो. अशी वस्तू सापडली की ती पुढच्या डब्यात नेऊन ठेवायची. डार्टमूरच्या पत्रासारखीच ती अनोळखी हातांवरून देशोदेशी फिरते.

ती पहिली बादली काही टिकली नाही. पण त्या जागी आज एक स्मृतिफलक आहे. आणि गंमत बघा, पहिल्या बादलीत जे जे केलं त्यातल्या दोन गोष्टींना आज खेळात बंदी आहे. डबा पुरायचा नाही, कारण शोधणारे सगळं रान खणून ठेवतील. आणि खायची वस्तू ठेवायची नाही, कारण वासाने जनावरं येऊन डबा फोडतात. बाकीचे नियमही असेच अनुभवातून आले. जागेच्या मालकाची परवानगी हवी. दोन डब्यांमध्ये किमान १६१ मीटर अंतर हवं. २००२ पासून आणखी एक पद्धत पडली. डबा शोधायला जाताना रिकामी पिशवी न्यायची आणि येताना वाटेतला कचरा भरून आणायचा. आपल्याकडे त्याच सुमारास संत गाडगेबाबा ग्रामस्वच्छता अभियान सुरू झालं होतं. दोन्हींचा एकमेकांशी संबंध नाही, पण हातातली पिशवी मात्र सारखीच.

या खेळाची दुसरी बाजूही सांगायला हवी. २०११ मध्ये इंग्लंडमधल्या वेदरबी गावात एका कॅफेबाहेर लपवलेला डबा लोकांना बॉम्ब वाटला. पोलिसांनी रस्ता बंद केला आणि बॉम्बपथकाने तो उडवला. आत खेळाचा साधा डबा होता. अमेरिकेच्या राष्ट्रीय उद्यानांनीही सरसकट डबे ठेवायला परवानगी दिली नाही. माणसांच्या पायवाटा पडून नाजूक जागा खराब होतात, हे त्यांचं म्हणणं रास्त आहे. म्हणून २००४ पासून डब्याशिवायचा प्रकार आला. एखाद्या खडकाकडे किंवा झऱ्याकडे जायचं, तो कसा बनला हे समजून घ्यायचं, विचारलेल्या प्रश्नाचं उत्तर पाठवायचं. तिथे काही ठेवायचं नाही आणि तिथलं काही उचलायचं नाही.

आता हे सगळं आपल्याला कशाला सांगितलं? कारण आकाशातला तो रेडिओ आपल्याही हातात आहे. घरकुलाच्या हप्त्यासाठी बांधकामाचा फोटो काढतात, तो जागेसकट नोंदला जातो. २०२१ पासून ई-पीक पाहणीत शेतात उभं राहून पिकाचा फोटो काढतो, त्यातही अक्षांश-रेखांश असतात. रोजगार हमीच्या कामावर हजेरीचा फोटो काढतात, तोही तसाच. उपग्रह आपल्याकडे बघत नाही, हे मघाशी सांगितलं. तो फक्त बोलतो. आपली जागा पुढे पाठवतं ते मोबाईलमधलं अॅप, आणि ती कुठे जाते हे त्या अॅपवर ठरतं. म्हणून एखादं अॅप 'लोकेशन' मागत असेल तर त्याला ते कशासाठी हवंय हे विचारायची सवय लावून घ्या. सरकारी नोंदीसाठी द्यावं लागतं. फोटो सजवायच्या अॅपला ते द्यायचं कारण नाही.

पण आम्हाला जास्त महत्त्वाची वाटते ती दुसरी गोष्ट. आपल्या हातात हे तंत्र आलं ते बहुतेक वेळा हजेरीसाठी, पडताळणीसाठी. बाई कामावर आहे की नाही, पीक लावलंय की नाही. तेच तंत्र दुसरीकडे बायका-पोरं मोकळं फिरण्यासाठी वापरतात. आपण घराबाहेर पडतो ते पाणी, सरपण, बाजार, दवाखाना आणि बँक यासाठी. नुसतं बघायला म्हणून आपल्याच गावच्या टेकडीवर शेवटचं कधी गेलो होतो, हा प्रश्न आम्ही गटात विचारला तेव्हा बऱ्याच जणींना लग्नाआधीचं वर्ष आठवलं. "कुठे चाललीस?" या प्रश्नाला "सहज" हे उत्तर अजून आपल्याकडे चालत नाही. वहीत नाव लिहायला चाललेय, हे निदान सांगता तरी येईल.

म्हणून एक सुचवणं आहे. उन्हाळ्याच्या सुट्टीत ग्रामसंघाने हा खेळ गावापुरता करून बघावा. एक स्टीलचा डबा घ्या, आत वही आणि पेन्सिल ठेवा. पैसे, दागिना किंवा खाऊ ठेवू नका. डब्यावर गटाचं नाव आणि 'हा खेळाचा डबा आहे' असं ठळक लिहा. ग्रामपंचायतीला सांगून गावठाणातली जागा निवडा. एसटी स्थानक, बाजार, शाळेचं फाटक अशा गर्दीच्या जागा टाळा, कारण बेवारस वस्तू दिसली की लोक घाबरतात आणि ते बरोबरच आहे. किल्ला, लेणी, वनखात्याची जमीन इथे काहीही लपवू नका. मोबाईलच्या नकाशावर त्या जागी बोट दाबून धरलं की आकडे दिसतात. महाराष्ट्रातली कुठलीही जागा असली तरी पहिला आकडा साधारण १५ ते २२ च्या आणि दुसरा ७२ ते ८१ च्या दरम्यान येईल. तो नाही आला तर बोट चुकलं समजा. आकडे गटात वाचून दाखवा आणि दोघी-तिघींनी मिळून शोधायला जा. विहिरीच्या काठी आणि ओढ्याच्या पात्रात डबा ठेवू नका. प्राग शहरात २०१८ मध्ये याच खेळासाठी नाल्याच्या बोगद्यात उतरलेली माणसं अचानक आलेल्या पाण्यात वाहून गेली आणि त्यातली दोघं दगावली. डबा जिवापेक्षा मोठा नाही.

ज्या मैत्रिणी अंगठा उठवतात त्यांनाही सोबत न्या. पहिल्या डब्याच्या वहीत अंगठा उठेल, हरकत नाही. तिसऱ्या-चौथ्या डब्यापर्यंत पहिलं अक्षर उमटलं पाहिजे, एवढं आपण सगळ्यांनी मिळून बघू. खेळात सही कशी आली हे कुणी तपासत नाही. पण तीच सही पुढे बँकेच्या कागदावर लागते.

तुमच्या गावात डबा ठेवलात तर केंद्राला जरूर कळवा. जागेचे आकडे आणि वहीतली पहिली पाच नावं पाठवा. ती नावं आम्ही पुढच्या भागात वाचून दाखवू. नमस्कार.